हंड्यांची रांग : टंचाईवरची अतिवास्तव शॉर्टफिल्म, शेवट ठरत नाहीये

पंचवटीकर

मंडळी, एका शॉर्टफिल्मच्या संहितेवर काम चालू आहे. चौदा-पंधरा मिनिटांची होईल. करणारे सगळे नाशिकचेच, कुणी नाटकातले, कुणी फोटोग्राफीतले. शेवट सोडला तर सगळं लिहून झालंय. त्या शेवटासाठीच हा धागा काढतोय.

गोष्ट अशी. जुन्या नाशकातली एक गल्ली. टँकर येणार अशी बातमी येते आणि लोक रांग लावतात. आपल्याकडे रांगेत माणूस उभा राहत नाही, हंडा उभा राहतो. हंडा नसेल तर कळशी, तेलाचा डबा, वीट, फाटकी चप्पल. वस्तू ठेवली की नंबर लागला. टँकर त्या दिवशी येत नाही. दुसऱ्या दिवशीही येत नाही. हंडे उचलायला कुणी धजत नाही, कारण उचलले आणि नेमका टँकर आला तर?

इथून गोष्ट वास्तव सोडते. रांग तिथेच राहते, वर्षानुवर्षं. लोक हंड्यांना वळसा घालून जायला शिकतात. नंबर बापाकडून मुलाकडे जातो. स्थळ बघायला आलेले आधी नंबर विचारतात, पगार नंतर. सातव्या नंबरचा म्हातारा जातो तेव्हा त्याला पोचवायला चार माणसं जमत नाहीत, पण त्याचा हंडा कुणी सरकवू नये म्हणून अख्खं घर रात्रभर पहारा देतं.

एक प्रसंग माझा फार आवडता आहे. भांडी बाजारात जुने तांब्याचे हंडे बघत हिंडत होतो. काठाखाली टिंबाटिंबांनी नावं घातलेली. कुणाच्या लग्नात मामाने दिलेला, कुणाला माहेरहून आलेला. ज्यांची नावं आहेत त्यातल्या बहुतेक बायका आता हयात नसणार. त्यावरून सुचलं की गल्लीतला एक माणूस रोज सकाळी रांगेची हजेरी घेतो. वाकून हंड्यावरचं नाव वाचतो, मोठ्याने पुकारतो आणि बोटाच्या पेराने टिचकी मारतो. रिकाम्या तांब्याचा जो नाद निघतो, ती हजेरी. आवाज बद्द आला की नावावर काट, मग ते घर धावपळ करून हंडा ठाकून-ठोकून आणतं.

शेवटी टँकर येतो. माझ्या खर्ड्यात तिथे दंगल आहे. लोक एकमेकांचे हंडे चेपतात, पाणी गटाराला जातं, शेवटचं दृश्य ओल्या रस्त्याचं. पण लिहून झाल्यापासून ते मला खुपतंय. टंचाई आली की माणसाचं जनावर होतं, हे सांगायला मी ही फिल्म करत नाहीये. मग नेमकं काय होतं? तुम्ही काय पाहिलंय ते सांगा. मत असेल तर मत, पण पाहिलेलं जास्त हवंय.


फ्रेम२४

हजेरीचा प्रसंग वाचतानाच ऐकू आला. सगळ्या हंड्यांचे नाद खरेखुरे आणि वेगवेगळे रेकॉर्ड करा, स्टुडिओत बनवू नका.

रांग वर्षानुवर्षं टिकते हे दाखवायला कॉम्प्युटरच्या करामती नकोत. एक-एक फ्रेम घ्या. कॅमेरा एका जागी पक्का रोवायचा आणि हंड्यांवर गंज, शेवाळ, कोळ्याचं जाळं चढत जाताना दिवसाला मोजक्या फ्रेम टिपायच्या. दादासाहेब फाळके मूळचे आपल्या त्र्यंबकेश्वरचे. १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'च्या आधी त्यांनी वाटाण्याचं रोप कुंडीत लावून त्याची वाढ अशीच एकेक फ्रेम टिपून पडद्यावर दाखवली होती. ती पाहून पैसे लावणाऱ्याला विश्वास आला. आपल्या सिनेमाची सुरुवातच रोज थोडं बघत राहण्यातून झालीय. तुमची गोष्टही वाट बघण्याचीच आहे, तर कॅमेऱ्यालाही वाट बघू द्या.

शेवटाबद्दल : दंगल नको. दंगल कुठल्याही फिल्मला जोडता येते.


वाघदर्डी

मी मनमाडची. माझ्या लहानपणी आमच्याकडे पंधरा-वीस दिवसांनी नळाला पाणी यायचं. वागदर्डी धरण भरलं की बरे दिवस, नाही भरलं की मधलं अंतर वाढत जायचं. घरात बसायला जागा कमी आणि साठवायला जास्त. टाकी, ड्रम, पिंप, हंडे, शेवटी वाट्या-पेलेसुद्धा भरायचे.

आता पाहिलेलं सांगते. पाणी सुटणार असा निरोप यायचा, बहुधा रात्री. तो आला की गल्लीतली प्रत्येक बाई आधी काय करायची? उरलेलं पाणी ओतून द्यायची. पंधरा दिवस थेंब-थेंब जपलेलं, पाहुण्याला अर्धा पेला देताना मन चरचरलेलं, तेच पाणी भडाभडा गटारात. कारण ताजं येणार, भांडी रिकामी हवीत. आणि ओतून झाल्यावर कधीकधी पाणी यायचंच नाही. वीज गेली, मोटर जळली, काहीही. मग त्या रात्री घरोघरी जो सन्नाटा पसरायचा तो मी विसरू शकत नाही.

म्हणजे आम्हाला पाण्याच्या कमीपणाने छळलं त्यापेक्षा त्याच्या बेभरवशाने जास्त छळलं. महिन्याला दोन हंडे पण अमक्या तारखेला, असं कुणी छातीठोक सांगितलं असतं तर आम्ही त्यात बसवलं असतं. बायका फार नीट बसवतात. कधी येणार हेच माहीत नसलं की माणूस कधी कवडी जपतो, कधी उधळतो. तुमच्या गल्लीत हे दाखवा : टँकर आल्याची हूल उठते, सगळे घरातलं उरलंसुरलं ओततात, आणि टँकर येत नाही.


पंचवटीकर

ही हूल मी आजच संहितेत घालतोय. ताई, यासाठी मनापासून आभार. आत्तापर्यंत लोकांकडे थोडं तरी पाणी कुठून येतं हे मला दाखवता येत नव्हतं, आता ते सुटलं.


हरसूलची_लेक

आमचा पाडा हरसूलच्या बाजूला, त्र्यंबक तालुक्यात. पावसाळ्यात आमच्याकडे या, चार महिने आभाळ फाटलेलं असतं. पेठ, सुरगाणा, त्र्यंबक, तिन्हीकडे हीच गत. पण उतार आणि कातळ, पाणी थांबत नाही, पश्चिमेला गुजरातच्या अंगाला निघून जातं. होळी झाली की विहिरी तळाला आणि मग झिरा.

झिरा म्हणजे ओढ्याच्या पात्रात किंवा विहिरीच्या तळाशी उकरलेला खड्डा. त्यात पाणी पाझरतं, वाटीने भरायचं, गाळ बसू द्यायचा, पुन्हा वाटी. हंडा भरायला किती वेळ लागेल ते झिऱ्याच्या मर्जीवर. मी आईबरोबर रात्री जायचे. चुंबळ उशाशी घेऊन बायका तिथेच लवंडायच्या. ज्या बाईचं मूल अंगावर पितंय ती आधी. म्हातारी आली तर तिच्या हंड्यात प्रत्येकीने एक-दोन वाट्या टाकायच्या. हे कुणी लिहून ठेवलेलं नव्हतं. कुणी नंबर मोडला तर मारामारी नाही व्हायची. दुसऱ्या दिवशी तिच्याशी कुणी बोलायचं नाही, आणि पाड्यात ते फार जड जातं.

झिऱ्यावर मी भांडण जवळजवळ पाहिलंच नाही. भांडण पाहिलं टँकरवर. का ते सांगते. टँकर हंड्यात पाणी देत नाही. तो विहिरीच्या काठाशी येतो, जाड नळी विहिरीत सोडतो, पाच-दहा मिनिटांत रिकामा होऊन निघून जातो. मग सगळ्या बायका एकदम पोहरे टाकतात. दोर दोरात अडकतात, खालचा गाळ उठतो, पाणी लाल होतं. जिच्या अंगात जोर तिचे चार हंडे, बाकीच्यांना चिखल. पोरी वाकून आत पडता पडता वाचल्यात. त्याच बायका, रात्री एकमेकींच्या हंड्यात वाटी ओतणाऱ्या.

झिऱ्यावर पाणी किती येतंय ते सगळ्यांच्या डोळ्यांसमोर असतं, म्हणून धीर असतो. टँकरवर एकदम येतं आणि एकदम संपतं. तुम्ही दंगल दाखवणार असाल तर आधी ती नळी दाखवा.


तिवंधा

अंगावर काटा आला वाचून. पंचवटीकर, तुमचा शेवट या प्रतिसादात आहे असं मला वाटतं. इतकी वर्षं लोकांनी रांग सांभाळली, आणि टँकर येऊन रांगेकडे न बघता भलतीकडेच ओततो!

आणि ओतायला जागाही आपल्या गावातच आहे. रहाड. बाहेरच्या वाचकांसाठी : जुन्या नाशकात चौकांच्या पोटात पेशवेकाळापासूनचे दगडी हौद आहेत. वर्षभर बंद, वर रहदारी चालू. रंगपंचमीला पूजा करून उघडायचे, रंगाने भरायचे आणि लोक त्यात धप्पा मारतात. वर्षभर पायाखाली हौद आहे हे ठाऊक असतं, दिसत मात्र नाही. तुमच्या गल्लीतली रांग त्याच्यावरच उभी असली तर?


पंचवटीकर

रांगच रहाडीवर उभी. हे भन्नाट आहे. म्हणजे टँकरला पाणी ओतायचं तर हंडे हलवावे लागणार, आणि ते कुणालाच करायचं नाही.


जुना_गडी

बाळांनो, वय झालं, टायपायला वेळ लागतो, सांभाळून घ्या. मी सिन्नरकडचा. बहात्तरच्या दुष्काळात कळत्या वयाचा होतो. पाऊस सलग दुसऱ्या वर्षी गेला होता. विहिरीला थोडंफार पाणी होतं काही ठिकाणी, अन्न नव्हतं. आता उलटं झालंय, दुकानात धान्य आणि विहीर कोरडी.

खडी फोडायला सगळं घर जायचं. जमिनी असलेले, पाटीलकीवाले, कधी हातात घमेलं न धरलेले लोक तिथे आले. राज्यभरात जवळपास ५० लाख माणसं त्या कामांवर होती म्हणतात, त्यातूनच पुढे रोजगार हमीचा कायदा झाला. अमेरिकेची लाल मिलो ज्वारी रेशनला मिळायची, भाकरी धड थापली जायची नाही, तुटायची. पोरांना सुकडी.

माझी आजी जात्याच्या पाळीत पसाभर दाणे लपवून ठेवायची. आम्हाला सगळ्यांना ते ठाऊक होतं. आई रोज जातं झाडायची, तिथपर्यंत हात न्यायची आणि दाणे तसेच ठेवायची. कुणी हात लावला नाही. ते खाण्यासाठी नव्हतेच. घरात अजून काहीतरी आहे, एवढ्यासाठी होते. पाऊस झाला तेव्हा किडे लागलेले दाणे आजीने कोंबड्यांना टाकले.

कामावर मुकादम हजेरीपट वाचायचा. नाव पुकारलं की छाती धडधडायची, कारण पटावर नाव नसलं तर दिवस गेला. तुमच्या त्या हजेरी घेणाऱ्या माणसाला दुष्ट करू नका. आमचा मुकादमही आमच्यासारखाच उपाशी होता, फक्त त्याच्या हातात कागद होता.


निळी_शाई

एक गोष्ट अजून कुणी काढली नाही म्हणून लिहिते. तुमच्या गल्लीत सगळ्यांना रांग लावता येते, हे गृहीत धरलंय. आपल्या भागात रांगेत उभं राहायला मिळणं हीच कित्येकांची लढाई होती. महाडच्या चवदार तळ्याचं पाणी प्यायला १९२७ साली सत्याग्रह करावा लागला. तुमच्याच पंचवटीत काळाराम मंदिराच्या दारासमोर १९३० पासून लोक वर्षानुवर्षं उभे राहिले आणि दार उघडलं नाही. ती रांग खरी होती, तिला अतिवास्तव करायची गरज नव्हती.

माझे आजोबा सांगायचे, बहात्तरला काही गावांत विहीर पाण्याने भरलेली असली तरी आमच्या लोकांसाठी टंचाईच असायची. कुणीतरी वरून ओतेल तेव्हा पाणी. दुसऱ्याच्या हाताकडे बघत थांबायचं. जुना_गडी आजोबा, तुमच्या आठवणीचा मान ठेवून सांगते, खडीवर सगळे एक झाले हे खरं, पण दुपारी माठ कुठे वेगळा ठेवलेला होता तेही सांगायला हवं.

फिल्ममध्ये एक हंडा रांगेपासून हातभर बाजूला ठेवा. त्याच्याबद्दल कुणी बोलत नाही. हजेरी घेणारा तिथपर्यंत येतो, नाव वाचतो, पण टिचकी मारत नाही.


जुना_गडी

पोरी, बरोबर बोललीस. माठ वेगळा होता. बाभळीखाली.


पंचवटीकर

निळी_शाई, तो हंडा फिल्ममध्ये येणार. मी काळारामापासून पाच मिनिटांवर वाढलो आणि रांगेची गोष्ट लिहिताना ही रांग मला बाहेर ठेवता येणार नाही. त्या हंड्यावर नाव कुणाचं असावं हे तुम्हीच सुचवलंत तर आवडेल.


निळी_शाई

नाव वाचता येईल असं ठेवा, बस. इतरांच्या हंड्यांवर माहेरच्यांनी घातलेलं असतं, या बाईने स्वतः खिळ्याने घातलेलं असू द्या. अक्षर वाकडं.


अर्थात

माणसं टंचाईत कशी वागतात याचा अभ्यास झालेला आहे, त्यातलं फिल्मला कामी येईल तेवढंच लिहितो.

दुसऱ्या महायुद्धाच्या शेवटी, १९४४-४५ मध्ये, अमेरिकेत मिनेसोटा विद्यापीठात ३६ तरुण स्वेच्छेने अर्धपोटी राहिले. युद्धानंतर उपाशी लोकांना कसं सावरायचं हे कळावं म्हणून. सहा महिने खाणं निम्म्याच्या आसपास आणलं. ती मुलं एकमेकांवर तुटून पडली नाहीत. ती पाककृतींची पुस्तकं वाचत बसायला लागली. ताट चाटायची, घासाचे बारीक तुकडे करून तासभर पुरवायची. राजकारण, मुली, थट्टामस्करी, कशातच रस उरला नाही. डोक्यात फक्त एकच गोष्ट. तुमच्या गल्लीतही लोक पाण्याशिवाय दुसऱ्या कशावर बोलेनासे होतील. संवाद त्या अंगाने तासून बघा. सुरुवातीला लग्न, क्रिकेट, देवदर्शन, आणि मग हळूहळू सगळी वाक्यं रांगेपाशीच येऊन थांबतात.

दुसरं, तमिळनाडूतल्या ऊस उत्पादकांचा अभ्यास, २०१३ चा. तेच शेतकरी, ऊस जाण्याआधी हात तंग असताना बुद्धीच्या चाचण्यांत मागे पडले आणि पैसे हातात आल्यावर पुढे गेले. या निष्कर्षावर नंतर वादही झाले, पण अनुभव म्हणून कुणालाही पटेल असा आहे. चणचण असली की माणूस मूर्ख होत नाही, त्याचं लक्ष गुंतून पडतं.

आणि अमर्त्य सेन यांनी १९८१ मध्ये मांडलेलं : १९४३ च्या बंगालच्या दुष्काळात अन्न नव्हतं म्हणून नव्हे, तर ते मिळवण्याची ऐपत आणि हक्क लोकांकडे नव्हता म्हणून माणसं मेली. वरचे हरसूल आणि निळी_शाई यांचे प्रतिसाद हेच सांगतायत, जास्त थेट.

शेवटाबद्दल माझा मुद्दा. इतक्या वर्षांत नंबर ही मालमत्ता झालीय. त्यावर लग्नं जुळलीत, कर्ज मिळालंय. टँकर आला की ज्याचा नंबर पहिला, त्याचं सगळ्यात जास्त नुकसान आहे. पाणी सगळ्यांना मिळालं तर त्याच्याकडे काय उरलं? माझ्या मते तो टँकर येऊ नये म्हणून धडपडेल.


वाघदर्डी

अर्थात, हे पटलं नाही. पहिल्या नंबरची बाई असेल तर ती आधी घरात पोरं तहानलेली आहेत हे बघेल.


अर्थात

तोच तर पेच आहे. तिने पोरांसाठीच तो नंबर राखलाय. मुलीचं लग्न त्या नंबरावर ठरलंय. पाणी घेतलं तर आजची तहान भागेल, नंबर राखला तर मुलीचं आयुष्य. दोन्ही बाजूंना पोरंच आहेत.


जलवाहिनी

पाणीपुरवठ्याच्या नोकरीत आयुष्य गेलं, आता निवृत्त आहे. टँकर विहिरीत का ओततो हे सांगायला हवं, नाहीतर चालक उगाच खलनायक होईल.

टंचाईत माणशी दिवसाला २० लिटर असा निकष धरून खेपा ठरवतात. एका टँकरला दिवसात अनेक खेपा, भरायचं ठिकाण लांब, तिथेही रांग. हंडे एकेक भरत बसलं तर एका गावात दोन तास जातात आणि पुढचं गाव तहानलेलं राहतं. म्हणून नळी सोडायची आणि निघायचं. उपाय साधा आहे : उंचावर टाकी ठेवायची, खाली तोट्या बसवायच्या, टँकरने टाकी भरायची. जिथे असं केलं तिथे मी भांडणं थांबलेली पाहिली आहेत. माणसं तीच, पाणी तेवढंच.

मार्च २०१६ मध्ये लातूरला पाणी भरण्याच्या जागांभोवती जमावबंदी लावावी लागली, पाचपेक्षा जास्त माणसं नकोत म्हणून. पुढच्याच महिन्यात मिरजेहून रेल्वेने पाणी जायला लागलं. त्याच उन्हाळ्यात आपलं रामकुंड कोरडं पडलं, पाडव्याला गोदेत स्नानाला पाणी नव्हतं.

आणि रांग फक्त गल्लीत नसते. १५ ऑक्टोबरला खाली मराठवाड्यातल्या जायकवाडी धरणाचा साठा ६५ टक्क्यांच्या खाली असेल तर वरच्या नाशिक-नगरच्या धरणांतून पाणी सोडायचं, असा गोदावरीच्या पाणीवाटपासाठी नेमलेल्या मेंढेगिरी समितीचा हिशोब. २०२३ मध्ये साडेआठ टीएमसीच्या (अब्ज घनफुटांच्या) वर पाणी सोडायचा आदेश निघाला. इथले म्हणतात आमचं पाणी नेलं, तिकडचे म्हणतात आमचं अडवलं. दोन्हीकडचे हंडे मी पाहिलेत. एकाच नदीवर लावलेले. तुमच्या गल्लीला दुसरं टोक असेल आणि तिथेही अशीच एक रांग उलट्या तोंडाने उभी असेल, तर बघा काही जमतं का.


सिस्टर_द्वारका

मी परिचारिका. एप्रिल २०२१ आठवल्याशिवाय या विषयावर बोलता येत नाही. २१ तारखेला आपल्या शहरात रुग्णालयाच्या ऑक्सिजन टाकीला गळती झाली आणि वीसहून जास्त रुग्ण गेले. मी तिथे नव्हते, दुसरीकडे ड्यूटीवर होते. पण त्या दिवसांत औषधाच्या दुकानांबाहेर चिठ्ठ्या आणि पिशव्या रांगेत ठेवलेल्या मी पाहिल्यात. आमच्या वॉर्डात एका मुलाने स्वतःच्या वडिलांसाठी मिळवलेला सिलिंडर, वडील गेल्यावर, शेजारच्या खाटेला जोडायला मदत केली. हात थरथरत होते त्याचे. मग बाहेर जाऊन बसला. एवढंच सांगायचं होतं, फिल्ममध्ये असं एक माणूस ठेवा. अशी माणसं होती.


पंचवटीकर

सिस्टर, ऑक्सिजनचा थेट उल्लेख मी करणार नाही, ती जखम अजून ओली आहे. पण सातव्या नंबरचा म्हातारा जातो तेव्हा त्याचा नातू हंडा उचलून शेवटच्या घराला देतो, असं लिहितोय. घरचे पहारा देत असताना.

शेवट आता असा दिसतोय. टँकर येतो. चालक थकलेला आहे, वाईट नाही. त्याला अजून पुढे जायचंय. तो नळी काढतो आणि म्हणतो, रहाड उघडा. म्हणजे हंडे उचला. कुणी हलत नाही. हजेरी घेणारा नावं पुकारायला लागतो, जणू नावं संपेपर्यंत टँकर थांबेल. बाजूचा, खिळ्याने नाव कोरलेला हंडा एकटाच रहाडीच्या झाकणावर नाही, कारण त्याला रांगेत जागाच दिली नव्हती. त्याची मालकीण येते, हंडा नळीखाली धरते. भरतो. ती पुन्हा येते, दुसऱ्याचा हंडा मागते. आणि पहिल्या नंबरच्या बाईला ठरवायचंय की आपला द्यायचा की नाही. ती काय करते हे मी दोन्ही प्रकारे चित्रित करणार आहे.


निळी_शाई

तिने दुसऱ्यांची सेवा करावी असं करू नका. ती आपला हंडा भरते, घरी जाते, आणि परत येते ती आपला दुसरा हंडा घेऊन. बाकीच्यांनी बघून काय ते करावं.


पंचवटीकर

हो. हे जास्त खरं आहे. तसंच करतो.


तिवंधा

एक विनंती. खऱ्या रहाडीवर शूटिंग नको. ती वर्षातून एकदा पूजा करून उघडतात, त्या भागातल्या लोकांची तिच्यावर श्रद्धा आहे. कल्पना माझीच, तरी सांगतो, सेट उभारा.


फ्रेम२४

सेटच बरा. खड्डा खणून आतून दगडी पाट्या लावल्या की झालं. पण पाण्याचं काय? टंचाईवरच्या फिल्मसाठी टँकरभर पाणी वाया घालवलं तर आपल्यालाच झोप लागणार नाही.


उन्हाळकांदा

निफाड तालुक्यातून. इतका वेळ वाचत होतो. कांद्याचं मी वेगळं लिहिणार होतो, कांदाचाळीत साठवलेला माल सडत असताना शहरात कांदा मिळत नाही म्हणून ओरड, आणि डिसेंबर २०२३ ला निर्यातबंदी. पण तो वेगळ्या धाग्याचा विषय आहे.

पाण्याचं माझ्याकडे या. शेततळ्याला लागून पडीक तुकडा आहे, जेसीबीने खड्डा मारून देतो. शेततळ्यातलं पाणी टँकरमध्ये भरा, नळीने खड्ड्यात सोडा, खाली जाड प्लास्टिकचा कागद अंथरू म्हणजे जिरणार नाही. दृश्य झालं की तेच पाणी मोटरीने उचलून द्राक्षबागेला देऊ. साबण, रंग, रसायन काही टाकायचं नाही एवढी एकच अट.

वेळ मात्र मी सांगेन ती. मार्चअखेर माल निघतो, एप्रिलमध्ये खरड छाटणी. छाटणी झाली की बागेला पाणी लागतंच, तेव्हा तुमचं शूटिंग आणि माझं भरणं एकाच दिवशी होईल. हंडे किती आणणार आणि माणसं किती तेवढं कळवा, जेवणाचं घरी सांगून ठेवतो.